अक्षर कुणाचं?

आयुष्यात मला सगळ्यात जास्त घाबरवलं ते एका मेलेल्या माणसाने. मी जन्माला यायच्या तीनशेहून जास्त वर्षं आधी तो लंडनमध्ये वारला होता. व्यापारी होता. इंग्लंडहून लोकरीचं कापड तुर्कांच्या मुलखात पाठवायचा, तिकडून काळ्या मनुका आणि मसाले आणायचा आणि उतारवयात पार्लमेंटात निवडून गेला होता. त्याची पत्रं मी वाचली ती अबुधाबीच्या पश्चिम टोकाला, रुवैसच्या रिफायनरीच्या वसाहतीत, दोन बेडरूमच्या फ्लॅटमध्ये, भर सकाळी पडदे ओढून.

पडदे ओढायचं कारण माझ्या पासपोर्टात होतं. माझा व्हिसा नवऱ्याच्या नोकरीवर मिळालेला, आणि त्यावर स्वच्छ लिहिलेलं होतं की ही बाई गृहिणी आहे, हिला काम करायची परवानगी नाही. आता जुनी पत्रं वाचून उतरवून देणं, तेही एक दिरहम न घेता, हे काम धरतात की नाही हे आम्हाला ठाऊक नव्हतं. कुणाला विचारायची सोयही नव्हती, कारण विचारलं की पुढचा प्रश्न येणार, तुम्ही का विचारताय? नव्वदच्या दशकाची ती शेवटची वर्षं होती. वसाहतीतल्या आम्हा सगळ्यांचा जीव नवऱ्यांच्या कॉन्ट्रॅक्टला टांगलेला. कॉन्ट्रॅक्ट गेलं की व्हिसा गेला, मुलांची शाळा गेली, आणि महिन्याभरात गाशा गुंडाळून परत.

सुरुवात माझ्याच तोंडाने झाली. क्लबातल्या एका पार्टीत नवऱ्याच्या साहेबाने काही झेरॉक्स आणले होते. साहेब इंग्रज, साठीला आलेला, उंच, सदा उन्हाने लाल झालेला. हा व्यापारी त्याचा पूर्वज. निवृत्त झाल्यावर त्याचं चरित्र लिहायचं अशी त्याची फार दिवसांची इच्छा, पण पत्रांचं अक्षर त्याला स्वतःलाच लागत नव्हतं. पार्टीतले गोरे लोक कागद उलटेसुलटे धरून हसत होते. कागद फिरत फिरत माझ्या हातात आला. मी पुण्यात इतिहास घेऊन एम. ए. केलेलं आणि दोन वर्षं मोडी लिपी शिकलेली. हात न उचलता लिहिलेलं, शब्द कुठे तुटतो ते न सांगणारं अक्षर बघितलं की माझे डोळे आपोआप कामाला लागतात. इंग्रजीतही असलं अक्षर असतं हे मात्र मला नवीन होतं. पाच मिनिटं मी नुसती बघत राहिले, कुठली खूण परत परत येते ते, आणि मग तीन ओळी वाचून दाखवल्या.

साहेबाने अक्षरशः टाळ्या वाजवल्या. नवऱ्याचा चेहरा पडला.

“सांगितलंस कशाला?” घरी येईपर्यंतही त्याला धीर नव्हता, गाडीतच सुरू झाला. “आता तो मागे लागेल. नाही कसं म्हणणार मी? कॉन्ट्रॅक्टच्या रिन्यूअलवर सही त्याची असते.”

“अहो, तीन ओळी वाचल्या फक्त.”

“तीन ओळींनी काय होतंय ते बघच आता.”

आणि झालंही तसंच. पुढच्या आठवड्यात नवऱ्याच्या डब्याच्या पिशवीतून पहिली फाइल घरी आली. हो म्हणायची भीती आणि नाही म्हणायचीही. माझा नवरा स्वभावाने घाबरट. तीन तीनदा गॅस बंद आहे का बघणारा, पोलिसाची गाडी मागे दिसली की आपण होऊन वेग कमी करणारा. मी त्याला यावरून चिडवायचे. पण फाइल उघडली तेव्हा माझेही हात थंड पडले होते, आणि खरं सांगायचं तर आनंदानेही. आठ वर्षं मी पोळ्या, अभ्यास आणि क्लबातल्या भिशीपलीकडे डोकं चालवलं नव्हतं.

मुलीची शाळेची बस गेली की मी बसायचे. कोऱ्या कागदावर आधी वरती मधोमध, दोन दंडांच्या मध्ये श्री, आणि मग खाली पत्र, माझ्या कॉन्व्हेंटच्या नन्सनी घोटून घेतलेल्या इंग्रजी अक्षरात. श्री काढायचा असं मी कधी ठरवलं नव्हतं. आजीने पाटीवर गिरवून घेतला तेव्हापासून तो हाताला लागलेला, परीक्षेच्या पेपरवर आणि वाण्याच्या यादीवरसुद्धा. गंमत म्हणजे तो व्यापारीही प्रत्येक पत्राच्या डोक्यावर देवाची स्तुती करणारे दोन शब्द लिहायचा. तिथेच मला तो पहिल्यांदा आपल्यातला वाटला.

आणि काय घाबरायचा तो! एकच पत्र तीनदा लिहून तीन जहाजांतून पाठवायचा. एक बुडेल, एक चाचे लुटतील, उरलेलं तरी पोचेल म्हणून. लंडनला प्लेग आला की बायकोला लिहायचा, खिडक्या लावून घे, कापडाच्या गाठींना हात लावू नकोस, कुणी विचारलं तर मी गावी गेलोय म्हणून सांग. प्रत्येक तिसऱ्या पत्राच्या शेवटी, हे वाचून जाळ. बायकोने एकही जाळलं नव्हतं म्हणून मी वाचत होते. मोठमोठ्या लोकांची चरित्रं मी कॉलेजात वाचली होती, त्यात कुणी असं घाबरलेलं नसायचं. हा माणूस मला आवडायला लागला.

दारावरची बेल वाजली की मात्र माझं त्याच्यावरचं प्रेम पार आटायचं. एकदा एसी तपासायला मेंटेनन्सचा माणूस आला. मी सगळे कागद गोळा करून तांदळाच्या डब्यात कोंबले आणि दार उघडलं. तो बिचारा केरळी, फिल्टर साफ करून पाच मिनिटांत गेला. मी अर्धा तास ओट्याला टेकून उभी होते. त्यानंतर तांदळाचा डबा हीच कागदांची जागा झाली. वरच्या मजल्यावर रत्नागिरीकडच्या एक मुसलमान बाई राहायच्या, माझ्याहून दहा-बारा वर्षांनी मोठ्या. त्या ब्लाउज शिवून द्यायच्या. एकदा जिन्यात त्यांनी मला थांबवलं आणि हळूच म्हणाल्या, “भाभी, मी मशीन पलंगाखाली टाकली. चेकिंग आहे म्हणतात. तुमचं काही असलं तर आवरा.”

“माझं काय असणार आपा?” मी म्हटलं.

त्यांनी माझ्या बोटांवरच्या शाईकडे बघितलं आणि वर गेल्या.

त्याच आठवड्यात आमच्या कन्येने शाळेत सांगितलं, “माय मॉम वर्क्स फॉर अ डेड मॅन.” तिसरीतली पोर. टीचरने हसत हसत मला फोन करून सांगितलं, मुलीची कल्पनाशक्ती फार छान आहे म्हणून. मीही हसले. फोन ठेवला आणि ‘वर्क्स’ या एका शब्दाने माझ्या तोंडचं पाणी पळालं. मुलीला जवळ बसवून म्हटलं, असं बाहेर बोलायचं नाही. ती म्हणाली, “बट इट्स ट्रू, आई.”

ट्रू होतं, तेच तर दुखणं होतं.

साहेबाच्या पुस्तकाचा सगळा डोलारा एका प्रसंगावर उभा राहणार होता. तो त्याने चहाला बोलावून आम्हाला दोनदा सांगितला. राजाने पार्लमेंटला न विचारता परदेशी मालावर नवा कर बसवला, त्यात मनुकाही आल्या. व्यापाऱ्यांनी कराविरुद्ध अर्ज केला. राजाच्या मंत्र्यांना तो उद्धट वाटला, आणि त्यांनी या पूर्वजाला धरून तुरुंगात टाकलं. यामागे कोण कोण आहे ते सांग म्हणाले. त्याने तोंड उघडलं नाही. तीन महिन्यांनी त्यांनाच त्याला सोडावं लागलं. साहेबाच्या आईच्या घरी जिन्यात त्याचं चित्र होतं आणि लहानपणी साहेबाला रोज ऐकवलं जायचं, या माणसाने कुणाचं नाव घेतलं नाही.

मग ते पत्र माझ्या पुढ्यात आलं. तुरुंगातून बायकोला लिहिलेलं, घाईचं, ओळी खाली उतरत गेलेल्या. मला दोन सकाळी लागल्या. त्यात असं होतं की आज त्यांनी तो अर्ज माझ्यापुढे ठेवला आणि विचारलं, हे अक्षर कुणाचं? मी खरं तेच सांगितलं, की अक्षर माझं नाही, माझ्या कारकुनाचं आहे. मी फक्त खाली सही केली, आत काय लिहिलंय ते नीट पाहिलंही नाही. त्याला आणायला माणसं गेली आहेत. मला शुक्रवारपर्यंत सोडतील असं वाटतं. त्यानंतर कारकुनाची बायको दारात आली तरी मी घरी नाही म्हणून सांग.

पुढे कारकुनाचं नाव. बावीस वर्षं चाकरीत असलेला म्हातारा माणूस. आधीच्या पत्रांत त्याचा खोकला, त्याची अधू नजर, त्याच्यासाठी हिवाळ्यात शिवलेला कोट हे सगळं येऊन गेलं होतं. या पत्रानंतर त्याचं नाव परत कुठेच आलं नाही. उरलेली सगळी पत्रं मी त्याच्यासाठी चाळली.

व्यापाऱ्याबद्दल राग, कारकुनाबद्दल दया हे सगळं नंतरचं. आधी मनात आलं ते एवढंच की तांदळाच्या डब्यात दीडशे पानं आहेत आणि त्यांवरचं अक्षर माझं आहे.

नवरा घरी आल्यावर त्याला पत्र वाचून दाखवलं. तो बूट काढायचा विसरला.

“हे देऊ नकोस त्याला.”

“अहो, पण हेच खरं आहे. बाकीचं त्याच्या घरच्यांनी रचलेलं.”

“असू दे ना खरं! पुढच्या महिन्यात रिन्यूअल आहे माझं. त्याच्या आजोबा-पणजोबाला तू डरपोक ठरवणार, तेही पुराव्यानिशी, आणि वर तो माझ्या कागदावर सही करणार? शाई फिकट आहे, लागत नाही, म्हणून सांग. खलास.”

मी तसंच सांगितलं. शाई फिकट आहे, लागत नाही. साहेब म्हणाला, काही हरकत नाही, तुम्ही एवढं केलंत तेच फार. कारकुनाचं पान मी घडी करून देवाच्या पोथीत ठेवलं आणि बाकीची पानं नवऱ्याबरोबर साहेबाकडे गेली.

त्यानंतर दहा-बारा दिवसांची गोष्ट. सकाळचे अकरा वाजले असतील. लॅचमध्ये किल्ली फिरली. नवरा कधीही या वेळी घरी येत नसे. तो आत आला आणि चपलांच्या रॅकवरच बसला. शर्ट पाठीला चिकटलेला. मी विचारलं, नोकरी गेली का? त्याने मान हलवली, पण हो की नाही ते कळलं नाही. पाणी दिलं. ते पिऊन झाल्यावर त्याने जे सांगितलं ते असं.

साहेबाने माझी पानं ऑफिसच्या मशिनवर कॉपी करायला दिली आणि मूळ गठ्ठा तिथेच विसरला. तो पोचला पीआरओच्या टेबलावर. पीआरओ म्हणजे कंपनीतले व्हिसाचे, लेबरचे, सगळे सरकारी कागद बघणारे गृहस्थ. वयस्कर अरब, शिस्तीचे, कुणाशी वाईट न वागणारे पण कुणाला न सोडणारे. त्यांनी साहेबाला आणि माझ्या नवऱ्याला बोलावलं. नवऱ्याला का, तर पानांच्या डोक्यावर हिंदी काहीतरी लिहिलेलं दिसत होतं आणि साहेबाच्या हाताखाली हिंदी लिहिणारा तोच एक.

दीडशे पानांवर दीडशे श्री. एवढे पडदे ओढले, एवढे तांदूळ उपसले आणि प्रत्येक पानावर स्वतःच्या हाताने खूण करून ठेवली होती.

“त्यांनी गठ्ठ्यावर बोट ठेवलं,” नवरा सांगत होता, “आणि साहेबाला विचारलं, शू हादा? म्हणजे हे काय आहे? हे कोण लिहितं? हू इज रायटिंग?”

“मग?”

“मग काय. साहेब म्हणाला, हे माझं अक्षर नाही. ह्याच्या बायकोचं आहे. अगदी सहज. वर म्हणाला, शी इज ब्रिलियंट. तुझं कौतुक केलं गं त्याने.”

मला त्या क्षणी तुरुंगातला तो कागद डोळ्यांपुढे आला, त्या खाली उतरत गेलेल्या ओळी. मी विचारलं, “आणि तुम्ही?”

नवरा चपलांकडे बघत होता. “मी म्हटलं, नो सर. माझं आहे.”

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं.

“माझ्या तोंडून निघून गेलं. पीआरओ माझ्याकडे बघतात, साहेबाकडे बघतात. साहेब लाल झाला. म्हणाला, पॉसिबली आय अ‍ॅम मिस्टेकन. मग पीआरओंनी एक कोरा कागद पुढे सरकवला. म्हणाले, यल्ला, राइट. मला वाटलं संपलं. तुझं ते मोत्यासारखं इंग्रजी, माझे ते कोंबडीचे पाय. आणि त्यांनी बोट ठेवलं ते कशावर? वरच्या श्रीवर. धिस वन. हे लिही.”

“मग लिहिलात?”

“लिहिला. दोन दंड, मध्ये श्री. माझ्या आईनेही पाटीवर तसाच गिरवून घेतला होता. त्यांनी दोन्ही कागद शेजारी ठेवून बघितले. म्हणाले, सेम. हे काय आहे? मी म्हटलं, देवाचं नाव, सर. काम सुरू करायच्या आधी आम्ही लिहितो. ते म्हणाले, गुड. बट नॉट इन ऑफिस टाइम, नॉट ऑन ऑफिस मशीन. श्रीच्या खालच्या इंग्रजीकडे बघितलंच नाही त्यांनी.”

त्याच्याकडून एका अरबी कागदावर सही घेतली होती. त्यात काय लिहिलं होतं ते त्याला वाचता येत नव्हतं, आणि मला तर नाहीच. घरात साडेतीनशे वर्षांपूर्वीचं अक्षर लावणारी बाई, आणि नवऱ्याने कशाखाली सही केली ते आजतागायत मला ठाऊक नाही. पुढचं वर्षभर फोन वाजला की आम्हाला वाटायचं, आता त्या कागदाचं काहीतरी निघालं. काही निघालं नाही. रिन्यूअल झालं. मी मात्र त्या दिवशी जमिनीवर बसून रडले, आणि त्याला परत कधी घाबरट म्हटलं नाही.

साहेब दोन दिवसांनी घरी आला. दारातच उभा राहिला, आत येईना. म्हणाला, त्यांनी विचारलं, मी खरं होतं ते सांगितलं, दुसरं काही डोक्यातच आलं नाही. त्याला खरंच वाईट वाटत होतं. त्या क्षणी देवघरातल्या पोथीतून ते पान काढून त्याच्या हातात ठेवायला हवं होतं. घ्या, तुमच्या पूर्वजालाही दुसरं काही डोक्यात आलं नव्हतं. पण रिन्यूअलवर सही अजून त्याचीच व्हायची होती, आणि आता तर नवऱ्याचं खोटंही त्याच्या हातात होतं. मी चहा विचारला. तो नको म्हणाला.

काही वर्षांनी पुण्याच्या पत्त्यावर त्याचं पुस्तक आलं. सुबक छापलेलं, आत जिन्यातल्या त्या चित्राचा फोटो. आभारात माझं नाव नव्हतं. रुवैसमधल्या एका मैत्रिणीचे, जिच्याशिवाय हे पुस्तक झालं नसतं, एवढंच होतं. बिचारा नाव न घ्यायला शिकला होता. मी घाईघाईने तुरुंगाचं प्रकरण काढलं. तीन महिने त्यांनी त्याला डांबलं, असं त्यात होतं, आणि त्याने कुणाचंही नाव घेतलं नाही.

कारकुनाचा उल्लेख अख्ख्या पुस्तकात नाही. त्या व्यापाऱ्याने त्याला एकदा पुढे केलं, भीतीपोटी. मी त्याला पुसून टाकलं, तेही भीतीपोटीच, आणि मला तर कुणी तुरुंगातही टाकलं नव्हतं.

आज मुलगी दुबईला, जुमेरा लेक टॉवर्समध्ये ऑफिसला जाते. तिचा व्हिसा तिच्या स्वतःच्या नोकरीचा. हे लिहायला घेतलं तेव्हा तिला फोनवर वाचून दाखवलं. ती म्हणाली, “नाइस, आई. पण नो नेम्स, ओके? प्लीज. आय लिव्ह हिअर.” मी म्हटलं, एकच नाव घालते, चारशे वर्षांपूर्वीच्या कारकुनाचं. ती म्हणाली, त्याच्यावरून तो व्यापारी सापडेल, व्यापाऱ्यावरून तुमचे सर, सरांवरून बाबा, आणि बाबांनी ज्यावर सही केली तो पेपर.

तिचं बरोबर आहे. पान अजून पोथीत आहे, वरती माझा श्री आणि खाली, शेवटून तिसऱ्या ओळीत, त्याचं नाव. मला ते पाठ आहे. आत्ताही लिहायला गेले होते, पण धीर झाला नाही.